शिक्षकाचा रकाना

मला वाचवलं ते रसायनच्या मॅडमनी. हे आधीच सांगून टाकतो, कारण पुढं जे सांगणार आहे त्यात राग लई आहे, आणि रागाच्या भरात माणूस वाईट वागलेल्यांचीच गोष्ट सांगत बसतो. चांगलं वागलेलं माणूस कोपऱ्यात राहून जातं. मॅडमचं नाव मात्र लिहीत नाही. मी विचारलं होतं. त्या म्हणाल्या, ‘‘नको रे बाबा. माझी पोरगी अजून लातुरातच शिकायलीय.’’

मी किनवटच्या पलीकडचा. आमच्या गावात अर्धा बाजार तेलुगूत होतो. नववीत असताना आई आजारी पडली, घरात भाकरी करायला दुसरं कोणी नव्हतं, म्हणून मी शाळा सोडली. पुढं आई बरी झाली. शाळा काही परत भेटली न्हाई. गावातल्या एका ट्रक ड्रायव्हरच्या ओळखीनं लातूरला एका कोचिंग क्लासमध्ये लागलो. पाणी भरणं, झाडणं, बाकं पुसणं असलं काम होतं. झोपायला क्लासच्याच मागच्या खोलीत जागा मिळाली.

पोरं क्लासमध्ये काय काय विसरून जायची. छत्र्या, डबे, पट्ट्या, एकेक पायातली चप्पलसुद्धा. मी त्या वस्तू कपाटात बॅचवार लावून ठेवायचो. कोण कुठल्या बाकावर बसतं ते मला पाठ झालं होतं. मॅडमनी ते कपाट एकदा बघितलं. त्याच आठवड्यात लेक्चर रेकॉर्ड करणारा माणूस समोरच्या क्लासनं पळवला होता. मॅडम डायरेक्टर सरांना म्हणाल्या, ‘‘ह्याला घ्या तिथं. ज्याला डबा कोणाचा ते कळतं त्याला लेक्चर कोणाचं तेही कळेल.’’

सर हसले. ‘‘मॅडम, नववी शिकलाय तो.’’

‘‘मग काय झालं? त्याला शिकवायचं थोडंच आहे, ठेवायचं आहे.’’

अशा तऱ्हेनं मी रेकॉर्डिंग रूममध्ये गेलो. बापानं गावभर सांगितलं, पोरगा लातूरला कॉम्प्युटरवर आहे. तेव्हापासून मला एक भीती लागली ती लागलीच: कॉम्प्युटरवर काहीतरी बिघडणार, ते माझ्या माथी येणार, आणि मी नाव घालवून गावाकडं परत जाणार.

काम काय ते सांगतो. मोबाईलवर गाणं लावलं की वर गाण्याचं नाव येतं, खाली गाणाऱ्याचं. ते नाव फाईलीच्या आत लिहिलेलं असतं, शर्टाच्या कॉलरला आतून चिठ्ठी शिवलेली असते तसं. त्याला टॅग म्हणतात. आमच्या क्लासचं ॲप पोरांना लेक्चरं ऐकवायचं ते ह्या टॅगवरूनच. फाईलीचं बाहेरचं नाव म्हणजे रेकॉर्डरनं दिलेले नुसते आकडे. आत चार रकाने: धडा, शिक्षक, बॅच, शेरा. ते मी भरायचो, आणि मराठीत भरायचो, कारण मॅडमचा हट्ट होता. ‘‘अर्धी पोरं मराठी शाळेतनं आलीत. त्यांना धडा सापडला तर पाहिजे!’’ एकेक अक्षर शोधत टाईप करायचो. शिक्षकाच्या रकान्यात नाव लिहिताना तर दोनदा तपासायचो. मास्तराचं नाव चुकायला नको, एवढं शाळेतलं माझ्यात उरलं होतं.

बोलण्यावरून मात्र माझी टिंगल व्हायची. ‘‘काय करून राहिला रे?’’ असं सगळे मला माझ्याच बोलीत विचारायचे. भौतिकचे सर म्हणायचे, ‘‘हा नुसता राहूनच राहिलाय. करत काही न्हाई.’’ मीही हसायचो. न हसून सांगतो कोणाला?

एकदा कॉम्प्युटर लई हळू चालायला लागला. सरांचा भाचा क्लासचं सगळं कॉम्प्युटरचं बघायचा. पुण्याहून डिप्लोमा करून आलेला, बोलायला गोड, वाईट माणूस नव्हता. घाईचा होता. त्यानं सगळा कॉम्प्युटर पुसून विंडोज नवीन टाकली, आणि दुसऱ्या हार्ड डिस्कवर ठेवलेली लेक्चरं आणि टॅगचा प्रोग्रॅम परत आणला. दुसऱ्या दिवशी मी टॅगचा प्रोग्रॅम उघडला तर मधोमध एक चौकट आली. इंग्रजीत लिहिलेलं, अमुक फाईल सापडत नाही. फाईलीच्या नावाच्या शेवटी डीएलएल अशी अक्षरं. मी काही दाबलं न्हाई, तसाच उठलो आणि भाच्याला बोलावून आणलं.

‘‘एवढंच ना?’’ तो म्हणाला. त्याच्या गाडीच्या किल्लीला एक पेनड्राईव्ह लटकलेला असायचा. त्यात एक फोल्डर: ‘सगळ्या डीएलएल’. हे लातुरात कॉम्प्युटरवाल्या कितीतरी पोरांकडं होतं. कुठून कुठून, कुठल्या कुठल्या साईटवरून उतरवलेल्या त्या फायली. जी फाईल नाही म्हणून चौकट येते ती त्यातून शोधायची आणि विंडोजच्या पोटात टाकून द्यायची. चौकट बंद झाली की काम झालं. घरात कसं, कुठल्या तरी जुन्या दुखण्याच्या उरलेल्या गोळ्या डब्यात ठेवतात आणि ताप आला की त्यातलीच एक देतात. तसं ते.

मॅडम त्या वेळी तिथंच बसल्या होत्या, टेस्टचे पेपर तपासत. खोलीत पंखा चांगला होता म्हणून त्या मधल्या सुट्टीत यायच्या. भाच्यानं त्याच नावाची फाईल शोधली, टाकली, प्रोग्रॅम उघडला. चौकट आली न्हाई.

‘‘बघ,’’ तो मला म्हणाला. ‘‘आता मामाचं पण काम करून टाकू.’’

मामाचं काम म्हणजे सरांचा फोटो. ॲडमिशनचे दिवस तोंडावर होते, आणि सरांना प्रत्येक लेक्चरवर आपला फोटो हवा होता, गाण्याच्या कॅसेटवर असायचा तसा. भाच्यानं सगळ्या फायली एकदम निवडल्या. सगळ्या म्हणजे सगळ्या, सगळ्या विषयांच्या, सगळ्या बॅचच्या.

मॅडमनी मान वर केली. ‘‘अय्यो, सगळं एकदम कशाला? आधी एक करून बघ की.’’

‘‘मॅडम, तुम्ही केमिस्ट्री बघा,’’ भाचा हसत म्हणाला आणि त्यानं सेव्ह दाबलं.

हिरवी पट्टी भरभर पुढं सरकली. फोटो आला. प्रत्येक लेक्चरवर सर हसत उभे, कोटात, हात बांधून. आम्ही तेवढंच बघितलं. भाचा किल्ली फिरवत गेला. कॉम्प्युटरनं आपलं रोजचं काम केलं, सगळ्या फायली दुसऱ्या हार्ड डिस्कवर उतरवल्या आणि ॲपवर चढवल्या. जुनं पुसायचं आणि नवं ठेवायचं, अशी ती सोय भाच्यानंच करून ठेवली होती.

सकाळी मला उठवलं ते पोरांच्या फोनांनी. ॲपवर वर सरांचा हसरा फोटो, आणि खाली धड्याच्या जागी नुसती प्रश्नचिन्हं. शिक्षकाच्या जागी प्रश्नचिन्हं. प्रत्येक लेक्चरला. दुसऱ्या डिस्कवर बघितलं, तिथंही तेच. परीक्षा जवळ आलेली. पोरांना ऐकायचं होतं एक, आणि लागत होतं भलतंच. पण शेवटी पोरंच ती. जिन्यात एकानं भौतिकच्या सरांना विचारलंसुद्धा, ‘‘सर, आज प्रश्नचिन्ह भाग दोन घेणार का?’’

गंजगोलाईच्या बाजारातला कॉम्प्युटर दुरुस्तीवाला आला. त्यानं बघितलं आणि खुर्ची मागं सरकवली. डीएलएल म्हणजे काय ते मला तेव्हा कळलं. त्याचे वडील डाळमिलमध्ये होते म्हणून त्यानं तसंच सांगितलं. ‘‘मिल चालते, पण डाळ चाळते ती चाळणी. ही फाईल म्हणजे चाळणी. प्रोग्रॅम सांगतो लिही, लिहिते ही. तुम्ही त्याच नावाची, त्याच मापाची, पण जुनी चाळणी बसवली. फ्रेममध्ये फिट बसली, मिल सुरू झाली. पण हिला इंग्रजीशिवाय दुसरी अक्षरंच कळत न्हाईत. मराठी दिसलं की प्रश्नचिन्ह टाकते.’’

‘‘आता नवी फाईल बसवली तर?’’ सरांनी विचारलं.

‘‘पुढचं नीट येईल. गेलं ते गेलं. त्याच्यावरच लिहून ठेवलंय ना.’’

सरांनी भाच्याकडं बघितलं. मग माझ्याकडं बघितलं. त्या दोन नजरांमधलं अंतर मी अजून विसरलो न्हाई. ते म्हणाले, ‘‘कॉम्प्युटर कोणाच्या ताब्यात असतो?’’

‘‘माझ्या, सर.’’

‘‘मग? रविवारी पालकसभा आहे. तोवर जेवढं निस्तरता येईल तेवढं निस्तर. आणि सभेत उभं राहून सांगायचं, माझ्याकडून चुकून झालं. कळलं?’’

‘‘सर, मी तर...’’

‘‘तुझं काय जातंय? तुला कोण ओळखतं इथं?’’ त्यांचा आवाज मऊ झाला. ‘‘ह्याचं लग्न जमायलंय. क्लासचं नाव आहे. तू समजून घे. तुला काढणार न्हाई मी.’’

मला रडू आलं ते काढणार नाहीत म्हटल्यावर. आता लाज वाटते. तेव्हा मात्र खरंच उपकार वाटले.

निस्तरायचं म्हणजे एकेक लेक्चर ऐकायचं आणि ते कोणतं ते ओळखायचं. आवाज मला कळायचे. भौतिकचे सर खाकरून सुरुवात करायचे, गणिताचे सर खडू आपटायचे. पण धडा? आम्लं कुठली आणि आम्लारी कुठली, मला काय ठाऊक! स्टाफरूममध्ये जाऊन विचारलं. भौतिकचे सर म्हणाले, ‘‘आम्ही शिकवायचं पण आणि शोधायचं पण?’’ गणिताचे सर पेपरातून वर बघायला तयार नव्हते.

मॅडम दुपारची बॅच संपल्यावर आल्या. पर्स टेबलावर ठेवली, हेडफोनची एक बाजू मला दिली, एक स्वतःच्या कानाला लावली. ‘‘चल. लिही तू.’’

अशा रोज येऊ लागल्या. घरी पोरीला फोन करून सांगायच्या, भाताचा कुकर लाव, मी येते. डब्यातली कडक भाकरी आणि शेंगाची चटणी मध्ये ठेवायच्या, आणि आम्ही ऐकत ऐकत खायचो. स्वतःचे तास ऐकताना त्या स्वतःवरच चिडायच्या. ‘‘किती भरभर बोलते रे मी! हे पोरांना कळलं तरी असेल का?’’ नाहीतर एकदम हसायच्या. ‘‘बघ, इथं मी चुकीचं सांगितलंय. आणि एकाही दिवट्यानं विचारलं न्हाई.’’ दुसऱ्यांचे तासही त्यांनी ओळखून दिले. भौतिक त्यांचा विषय नव्हता, पण थोडं ऐकून सांगायच्या. जिथं अडायचं तिथं स्वतः स्टाफरूममध्ये जाऊन उभ्या राहायच्या. त्यांना नाही म्हणायची कोणाची टाप नव्हती.

मी रकाना भरत जायचो. शिक्षकाच्या जागी त्यांचं नाव लिहिलं की त्या दर वेळी म्हणायच्या, ‘‘पुढं.’’

सभेचं त्यांना मी सांगितलं न्हाई. कोण्या तोंडानं सांगणार? पण त्यांनीच विचारलं, ‘‘सभेत तुला कशाला बोलावलंय?’’ मी पुढची फाईल उघडली. त्यांनी हेडफोन काढला, परत लावला. ‘‘पुढं,’’ म्हणाल्या.

रविवारी हॉल भरला होता. अहमदपूर, औसा, देगलूर, कुठून कुठून पालक आलेले. कोणी दुकान बंद करून, कोणी एसटीनं. पुढं सगळे शिक्षक ओळीत. सरांनी माइक घेतला. आमच्या एका कर्मचाऱ्याकडून अनवधानानं चूक झाली, बरीचशी दुरुस्त केली आहे, तो स्वतः माफी मागेल, असं म्हणाले. मला उभं केलं.

मी काही बोलायच्या आधीच एक पालक म्हणाले, ‘‘शिक्षण काय रे तुझं?’’

‘‘नववी.’’

हॉलमध्ये कुजबुज झाली. ते सरांकडं वळले. ‘‘अहो, नववीतल्या पोराच्या हातात आमच्या लेकरांचं वर्ष दिलं का तुम्ही?’’

सरांनी खाली मान घातली, फार दुःख झाल्यासारखी. मला तेव्हा कळलं की माफी पुरणार न्हाई. माझी नववीच सरांना पाहिजे होती. ती ऐकली की पुढं कोणी काही विचारणारच न्हाई. माझ्या तोंडातून ‘माझ्याकडून’ एवढंच निघालं.

‘‘थांब रे.’’

मॅडम उठल्या होत्या. माइक नव्हता त्यांच्याकडं. लागतही नव्हता. भरल्या वर्गाला ऐकू जाईल असाच आवाज त्यांचा.

‘‘हे त्यानं केलेलं न्हाई. मी त्या खोलीत होते. त्यानं एक बटण दाबलेलं न्हाई. आठवडाभर निस्तरलंय मात्र त्यानं.’’

‘‘मग केलं कोणी?’’ मागून कोणीतरी विचारलं.

भाचा दारापाशी उभा होता. मॅडमनी तिकडं बघितलंसुद्धा न्हाई. ‘‘ज्यानं केलं त्याला ठाऊक आहे. पोराला बसू द्या.’’

मी बसलो. सर माइकवर हसले. ‘‘मॅडम आमच्या भावनाप्रधान आहेत. क्लास म्हणजे एक कुटुंब आहे आमचं. चला, बाहेर चहा ठेवलाय.’’ आणि लोक चहाला गेले. खरंच गेले. ज्यांनी माझी नववी विचारली ते गृहस्थ कपात बिस्कीट बुडवत सरांशी पुढच्या वर्षीच्या बॅचबद्दल बोलत होते.

नव्या सत्राचं वेळापत्रक फळ्यावर लागलं त्यात रसायनला दुसरं नाव होतं. कोणी मॅडमना काही बोललं न्हाई, की त्या कोणाला बोलल्या न्हाईत. कपाटातली पुस्तकं पिशवीत भरून न्यायला मी मदत केली. रिक्षात बसताना म्हणाल्या, ‘‘जेवत जा वेळेवर.’’

एवढ्यावर भागलं असतं तरी मी गिळलं असतं. पण भाच्यानं आता नवा प्रोग्रॅम आणला होता, पैसे भरून, नीट. सरांनी त्याला माझ्यासमोर सांगितलं, ‘‘हे शिक्षकांच्या नावाचं लफडंच नको. नाव दिसलं की पोरं नावाच्या मागं जातात. मास्तर दुसरीकडं गेला की पोरं तिकडं. सगळीकडं क्लासचं नाव टाक.’’ भाच्यानं पुन्हा सगळ्या फायली निवडल्या. ह्या वेळी काहीच बिघडलं न्हाई. डीएलएल बरोबर होती, अक्षरं बरोबर होती. शिक्षकाच्या रकान्यात वरपासून खालपर्यंत क्लासचं नाव, स्वच्छ मराठीत. आम्ही आठवडाभर ऐकून ऐकून लिहिलेली सगळी नावं चहा गार व्हायच्या आत गेली. चुकून गेली होती तेव्हा सगळे ओरडले होते. आता मुद्दाम गेली तर कोणाला खबर न्हाई. जे सर स्टाफरूममध्ये पेपरातून वर बघत नव्हते त्यांचीही नावं गेली. तेव्हाही त्यांनी वर बघितलं न्हाई.

मग सर मला म्हणाले, ‘‘आता नाव टाकायचं काम राहिलं न्हाई. बाकीचं भाचा बघतोय. तू काय करून राहणार इथं?’’ माझीच बोली वापरली. मी ह्या खेपेला हसलो न्हाई, एवढीच माझी बहादुरी.

गावाकडं जायची तयारी केली होती. बापाला काय सांगायचं ते मनात जुळवत होतो. तेवढ्यात मॅडमचा फोन आला. नांदेडला त्यांच्या चुलत दिराचा फोटो स्टुडिओ आहे, माणूस पाहिजे, जा म्हणाल्या. स्वतःचं काम गेलेलं, आणि फोन माझ्यासाठी फिरवून राहिल्या होत्या! मी म्हटलं, ‘‘मॅडम, माझ्यामुळं तुमचं...’’ त्यांनी तोडलं. ‘‘तुझ्यामुळं काही न्हाई. ज्यांच्यामुळं झालं त्यांचं त्यांना. तू गाडी पकड.’’

आता मी नांदेडात आहे. लग्नाचे फोटो येतात, त्यात तारीख, गाव, फोटो काढणाऱ्याचं नाव भरतो. स्क्रीनवर चौकट आली की अजून काही न दाबता आधी मालकाला हाक मारतो. मालक बरा माणूस आहे, तरी कोण कधी कोणाला सभेत उभं करेल ह्याचा भरवसा वाटत न्हाई. मॅडम उदगीरला माहेरी गेल्या, पोरीला लातुरात वसतिगृहात ठेवून. बाहेरच्या खोलीत थोड्या मुलींना शिकवतात, असं त्यांच्या दिराकडून कळतं.

मागं एकदा कामासाठी लातूरला चाललो होतो. एसटीत शेजारी एक पोरगी बसली होती. तिच्या फोनमधून आवाज येत होता, इयरफोन नीट बसला नव्हता. पहिल्याच वाक्याला मी ओळखला. स्क्रीनवर सर हसत होते, खाली क्लासचं नाव. मी विचारलं, ‘‘ताई, कोण शिकवतंय हे?’’

तिनं स्क्रीन बघितली. ‘‘क्लासचंच आहे. कोण आहे माहीत न्हाई. पण लई भारी समजावतात.’’

मी मॅडमचं नाव सांगितलं. तिनं मान हलवली, बरं म्हटलं, आणि इयरफोन घट्ट बसवला. ती ते नाव विसरली असेल. तिचं काय चुकलं? तिला परीक्षा द्यायची होती.

मॅडम, हे तुमच्यापर्यंत पोचलं तर रागावू नका. मला दुसरं काही येत न्हाई. शिकलो असतो तर तुमच्यासाठी कोर्टात भांडलो असतो, न्हाईतर क्लास काढून दिला असता. मला फाईलीत नाव लिहिता येतं, एवढंच. चांगला माइक आणि माझा स्वतःचा कॉम्प्युटर झाला की मी उदगीरला येणार. तुमच्या बाहेरच्या खोलीत तुम्ही शिकवा, मी रेकॉर्ड करतो, पहिल्या धड्यापासून. तो रकाना मी भरीन आणि त्याला दुसऱ्या कोणाला हात लावू देणार न्हाई. केव्हा होईल ते सांगता येत न्हाई. पण होईल, मॅडम. तुमचे उपकार फेडल्याशिवाय मी राहणार न्हाई.